नंबर आला की हाक मार

कौस्तुभ, आधी टीव्ही बंद कर. नुसता आवाज नको रे कमी करू, बंदच कर. आणि तो गेमचा डबाही. केव्हाचा बघतोय मी, दर वेळी मरतोस आणि बटण दाबून मागे जातोस, पुन्हा जिवंत! मरायचं तर नीट मर की गाढवा, आणि रिमोट विघ्नेशच्या हातात दे. तो बिचारा जेवल्यापासून आशाळभूतासारखा बसलाय.

हसू नकोस, उन्नती. काकाला नवीन काही बघवत नाही, असंच वाटतंय ना तुला? अगं, उभा जन्म टीव्ही उघडण्यात गेला माझा. अर्ध्या वसईचे टीव्ही माझ्या टेबलावर येऊन गेलेत. यंत्राला हा आत्माराम भीत नाही. पण ते मागे फिरवणं... ते आमच्या फ्लॉईडच्या घरात झालं, आणि त्याचा शेवट मी ह्या डोळ्यांनी बघितला. सांगतो. पाणी प्यायचं तर आत्ताच पिऊन घ्या, मध्ये कुणी उठायचं नाही.

फ्लॉईड पापडीचा, लहानपणापासून माझ्या दुकानात येणारा. घरामागे वाडी, नारळ, केळी, आणि वाडीच्या टोकाला बावखल. तुम्ही टॉवरमध्ये वाढलेली पोरं, तुम्हाला बावखल काय माहीत! वाडीतलं तळं म्हणा. पावसाचं पाणी साठवायचं आणि वर्षभर झाडांना घालायचं. आता बरीचशी बुजवून त्यावर बिल्डिंगा उठल्यात, पण फ्लॉईडच्या आईने, क्लेमेंटीनने, त्यांचं बुजवू दिलं नव्हतं. बिल्डर येऊन येऊन थकले. घरात ही क्लेमेंटीन, फ्लॉईड, त्याची बायको सेलिन, ती नर्स आहे, आणि त्यांची एलिसा, चौथीतली. गोड पोर. मला आत्माराम आजोबा म्हणते.

दोन हजार चोवीसची गोष्ट. दसरा नुकताच झाला होता. फ्लॉईड संध्याकाळी ऑफिसमधून थेट माझ्या दुकानात. हातात खोका. म्हणाला, "काका, बघा काय मागवलंय कॅनडाहून! आपल्या जुन्या टीव्ही गेमचं पिल्लू." खरंच पिल्लू हो. नव्वद सालातला तो धोंड्याएवढा डबा आठवतो ना... तुम्हाला कसा आठवेल म्हणा. तसाच हुबेहूब, पण तळहातावर मावेल एवढा. कॅसेट घालायची नाही, खेळ सगळे आतच भरलेले.

"नव्या टीव्हीवर मजा नाही येत काका, नुसते चौकोन दिसतात. डब्याचा टीव्ही द्या एखादा. आणलाय तर वसूल करायचाच."

मी त्याला एक जुना एकवीस इंची काढून दिला. नवी वायर जुन्या टीव्हीला लागत नाही, म्हणून मध्ये एक कन्व्हर्टर जोडला. रिमोटच्या वायरी मेल्या हातभरसुद्धा नव्हत्या, त्याही वाढवून दिल्या. मग त्याने ते मागे फिरवायचं बटण मला मोठ्या कौतुकाने दाखवलं. माणूस खड्ड्यात पडला, बटण धरून ठेवलं, खेळ उलटा पळाला, माणूस खड्ड्यातून वर आला. "आपल्या वेळी हे असतं तर काय बहार आली असती, नाही?" असं बोलला आणि एकदम गप्प झाला. का गप्प झाला ते मला कळलं.

कारण त्याचा मोठा भाऊ. एल्रॉय.

एल्रॉय तेरा वर्षांचा, हा नऊचा. मे महिन्याची सुट्टी. घरात टीव्ही गेम एकच, चालणारा रिमोट एकच. तेव्हा सगळ्या पोरांचा कायदा ठरलेला असायचा, मेला की रिमोट पुढच्याला. त्या दुपारी एल्रॉय मेला, म्हणजे खेळात हो, आणि त्याने रिमोट धाकट्याच्या मांडीवर टाकला. म्हणाला, "मी बावखलात डुबकी मारून येतो. माझा नंबर आला की हाक मार."

आणि फ्लॉईड त्या दिवशी कधी नव्हे तो असा खेळला, की मरेचना! पूल ओलांडला, किल्ला ओलांडला, जिथे एल्रॉयही कधी पोचला नव्हता तिथे पोचला. ऊन उतरलं. क्लेमेंटीन बाजारातून आली. टोपली ठेवून विचारलं, "एल्रॉय कुठाय?" ह्याने मान न वळवता सांगितलं, "त्याचा नंबर नाही आला अजून."

उन्हाळ्यात पाणी तळाला गेलेलं असतं, खाली नुसता गाळ. पोरगा उडी मारून गाळात रुतला होता. कंदील घेऊन काढला त्याला.

कुणी फ्लॉईडला बोल लावला नाही. नऊ वर्षांच्या पोराला काय बोलणार? क्लेमेंटीनने तो टीव्ही गेम उचलून कुठे टाकला, ते तिने कुणाला सांगितलं नाही. आणि तेव्हापासून घरात तिचा एक नेम. मेलेल्याचं नाव दिवसा घ्यावं, देवळात घ्यावं, चर्चला ते देऊळच म्हणतात, स्मशानात घ्यावं. दिवेलागण झाली की नाही. अंधारात नाव घेतलं की गेलेला माणूस वळून बघतो म्हणे.

तर आता हा नवा डबा घरात आला. क्लेमेंटीनने तो बघितला मात्र, जपमाळ उचलली आणि आतल्या खोलीत गेली. फ्लॉईडला कसंतरीच झालं, पण एलिसा नाचत होती. बसले बापलेक जमिनीवर. लाल कोब्याची गार जमीन, समोर टीव्ही, दोघांच्या हातात रिमोट. आठ दिवस घर कसं भरल्यासारखं होतं. फ्लॉईड मेला की बटण धरायचा. मागे. पुन्हा मेला, पुन्हा मागे. सेलिन म्हणायची, "तू काय चित्रगुप्ताला लाच दिलीस का रे?"

एका रात्री एलिसा खेळता खेळता मागे वळली. मागे कुणी नव्हतं. नुसती सोफ्याची कड.

"थांब ना जरा," ती म्हणाली. "येईल तुझा."

"कुणाशी बोलतेस गं?"

"तो मागे बसलाय त्याच्याशी. पप्पा, त्याला पण दे ना! केव्हाचा थांबलाय. तू मेलास की त्याचा नंबर आहे, पण तू मरतच नाहीस."

फ्लॉईडच्या हातून रिमोट गळाला. पोरीला त्या दुपारची गोष्ट कुणी सांगितली नव्हती. भिंतीवर एल्रॉयचा फोटो होता, बस्स. आईने सांगितलं असेल, असं त्याने स्वतःला समजावलं. आईला विचारायची हिंमत मात्र झाली नाही. डबा, वायरी, रिमोट, सगळं खोक्यात भरून त्याने कपाटावर टाकलं.

दुसऱ्या दिवशी एलिसाला ताप भरला.

डॉक्टर म्हणाले, साथीचा आहे, उतरेल. रक्त तपासलं, काही निघालं नाही. ताप उतरेना. पोरगी जेवेना. सकाळी उशी भिजलेली असायची. घाम असेल, सेलिन म्हणायची. पण घाम असा गाळासारखा वास मारत नाही, हे नर्सला काय कळत नव्हतं? कळत होतं. बोलायचं नव्हतं तिला. आठवडाभरात पोर काडीसारखी झाली. फ्लॉईडने रजा टाकली. रात्र रात्र तिच्या उशाशी बसायचा आणि देवाला म्हणायचा, माझं काय ते कर, हिला सोड.

आता ती रात्र. नोव्हेंबरची दोन तारीख, शनिवार. आपल्याकडे दिवाळीचा पाडवा आणि त्यांच्याकडे मृतांचा दिवस, दोन्ही एकाच दिवशी आले होते त्या साली. तिन्हीसांजेला क्लेमेंटीन आणि फ्लॉईड स्मशानात जाऊन मेणबत्त्या लावून आले. एल्रॉयच्या कबरीवर शेवंती वाहिली. सेलिनला रात्रपाळी चुकवता आली नाही. जाताना बजावून गेली, "सकाळी मी आले की हिला ॲडमिट करायचंय, कपडे भरून ठेव." क्लेमेंटीन औषधाची गोळी घेऊन झोपली. फ्लॉईड पोरीच्या पलंगापाशी खुर्चीत बसला. लांब कुठेतरी फटाके वाजत होते, मग तेही थांबले.

त्याचा डोळा लागला.

जाग आली ती गाण्याने. खेळाचं गाणं असतं ना, टिणटिणटिण, तेच. बाहेरच्या खोलीतून.

पलंग रिकामा.

धावत बाहेर आला. टीव्ही चालू. खोका उघडा पडलेला. आणि एलिसा जमिनीवर बसलेली, मांडीवर रिमोट, डोळे अर्धे मिटलेले. कपाटावरचा खोका तिने कसा काढला? स्टूल नव्हतं, काही नव्हतं. आणि पडद्यावरचा खेळ... तो खेळ त्या डब्यात नव्हताच. फ्लॉईडने सगळे खेळ तपासले होते. हा जुना होता. कॅसेटवरचा. पूल, पुलाखाली पाणी.

"एलिसा! चल बाळा, ऊठ."

"तो म्हणतो," ती झोपेत बोलावं तसं बोलली, "पप्पा देत नाही, तर तू दे. मी मेले की त्याचा नंबर."

पडद्यावरचा माणूस पुलावरून पाण्यात पडला.

आणि एलिसाचा श्वास अडकला. घशात घर्र... घर्र... जसं पाणी भरलंय. ओठ निळे पडले. फ्लॉईडने तिला पाठीवर थोपटलं, उलटं धरलं, काही नाही. मग काय सुचलं कुणास ठाऊक, त्याने रिमोट ओढला आणि ते बटण दाबून धरलं.

खेळ मागे पळाला. माणूस पाण्यातून वर आला.

एलिसाने श्वास घेतला.

त्याने बटण सोडलं. माणूस पुन्हा पुलाच्या तुटक्या टोकाकडे चालू लागला. आपोआप. कुणी हात लावत नव्हतं. पडला. पुन्हा घर्र...

पुन्हा बटण. पुन्हा श्वास.

बघा आता त्या बापाचं काय झालं असेल. अंगठा बटणावर. सोडला तर पोर जाते. आईला हाक मारली, ती गोळीच्या गुंगीत. फोन आत, पलंगापाशी. अंगठा दुखायला लागला. खेळ मागे, मागे, मागे पळतोय. पूल गेला, जंगल गेलं, आणि अचानक थांबला. बटण दाबलेलं, तरी थांबला. त्याच्यापुढे मागे जायला काही उरलंच नव्हतं.

पडद्यावर तोच माणूस उभा. जंगलाची तीच सुरुवात. वर कोपऱ्यात तेच आकडे... एल्रॉयने रिमोट मांडीवर टाकला तेव्हाचे. इथून त्या दुपारी फ्लॉईडचा डाव सुरू झाला होता.

त्याला कळलं.

तो एलिसाला मिठीत घेऊन बसला आणि खेळायला लागला. स्वतः. हात आठवणीने चालत होते. जंगल, मग पूल. पुलाच्या टोकाला आला. उडी मारली असती तर पार झाला असता, त्या दुपारी झालाच होता. उडी नाही मारली. एक पाऊल पुढे टाकलं.

माणूस पाण्यात पडला.

फ्लॉईडच्या नाकातोंडात पाणी शिरलं. खरं पाणी. कुजक्या पानांची चव. छाती फुटायला आली. अंगठा सवयीने बटणाकडे गेला... आणि त्याने तो मागे घेतला.

नाही दाबलं बटण.

संगीत थांबलं. पाणी सरलं. त्याला श्वास आला. पडद्यावर माणूस पुन्हा उभा राहिला, पुढच्याची वाट बघत.

आता एकच राहिलं होतं. हाक.

मागच्या भिंतीला खिडकी आहे, तिथून थेट बावखल दिसतं. एलिसाला कडेवर घेऊन तो खिडकीशी गेला. बाहेर काळोख. पाणी दिसत नव्हतं, नुसता वास. तोंड उघडलं... आणि आईचा नेम आठवला. एवढ्या वर्षांचा नेम. दिवेलागणीनंतर नाव घ्यायचं नाही. भीतीही वाटली असेल हो. भाऊ झाला म्हणून काय झालं, गेलेला तो गेलेला. त्याने नाव गिळलं. गजांना तोंड लावून ओरडला,

"ये रे! नंबर आला!"

काही नाही.

मग पाणी हललं. डुबुक.

मग... पायांचा आवाज. चप्. चप्. केळीच्या पानांमधून.

फ्लॉईड वळला नाही. जमिनीवर येऊन बसला, रिमोट पुढे ठेवला, एलिसाचं डोकं छातीशी घट्ट धरलं, डोळे मिटले. खोलीत गारवा शिरला. गाळाचा वास. रिमोटची वायर जमिनीवर सरकली.

टक. टकटक. टक.

कुणीतरी खेळत होतं.

एलिसा खोकली. एक गुळणी गढूळ पाणी बाहेर आलं. मग मोठा श्वास घेतला आणि बापाच्या छातीवर गाढ झोपली. अंग गार. ताप गेलेला. फ्लॉईडच्या डोळ्यांतून धारा लागल्या. मिटल्या डोळ्यांनीच तो पुटपुटला, "खेळ रे दादा... पोटभर खेळ."

टकटक. टकटक. फटाफट हात चालत होता. असाच खेळायचा एल्रॉय. मग माणूस मेल्याचं ते गाणं वाजलं.

फ्लॉईडला वाटलं, संपलं.

पुन्हा सुरू झालं.

पण आता हात वेगळा होता. टक... टक... चाचरत. पुन्हा मेल्याचं गाणं. पुन्हा सुरू. मग असा हात, ज्याने जन्मात रिमोट धरला नसावा. बटण शोधतोय. थांबतोय. फार वेळ काहीच नाही... मग एक, टक. मेला. पुन्हा सुरू...

फ्लॉईडने डोळे उघडले नाहीत. पहाटे देवळाची घंटा वाजेपर्यंत नाही.

रविवारी सकाळी त्याचा मला फोन. "काका, तुमचा टीव्ही घेऊन जा. आत्ताच्या आत्ता." आवाज ऐकून मी चप्पल तशीच पायात सरकवून निघालो. गेलो तर एलिसा ओटीवर बसून चहात पाव बुडवून खात होती. सेलिन ड्युटीवरून आलेली, पोरीच्या कपाळावरून हात काढत नव्हती. ताप नाही, काही नाही. मला म्हणते कशी, "आत्माराम आजोबा, मला भूक लागली खूप!" डोळे भरून आले माझे.

फ्लॉईडने मला आत नेलं. डबा त्याने काढला होता, वायरी गुंडाळल्या होत्या. बोट खाली दाखवलं.

कोब्यावर ओले ठसे. पावलांचे नाहीत. बसलेल्या माणसांचे. मांडी घालून कुणी ओल्या कपड्यांनी बसून उठलं की उमटतो ना, तसे. टीव्हीसमोर एक, पोराएवढा. त्याच्यामागे दुसरा. त्याच्यामागे एक रुंद, ओल्या लुगड्याचा घोळ पसरल्यासारखा. त्याच्यामागे आणखी. एकामागे एक, एकामागे एक, सोफ्याला वळसा घालून थेट मागच्या दारापर्यंत. आणि दाराला आतून कडी.

क्लेमेंटीन भिंतीला धरून उभी होती. फ्लॉईडने तिला सगळं सांगितलं होतं. त्या रांगेकडे बघत बघत तिने विचारलं, "हाक मारलीस, तेव्हा नाव घेतलंस का रे?"

फ्लॉईडने मान हलवली. नाही.

"अरे..." क्लेमेंटीनने खिडकीतून मागे बघितलं. "त्या बावखलात काय आपला एकटा एल्रॉयच बुडालाय?"

मी टीव्ही उचलायला वाकलो, तेव्हा दिसलं. टीव्हीसमोरचे ठसे वाळत आले होते, कडेला नुसती पांढरी रेघ राहिली होती. दाराजवळचा शेवटचा तेवढा ओला होता, जसं कुणी अजून तिथेच नंबराची वाट बघत बसलंय. अगदी लहान, दोन-तीन वर्षांच्या पोराचा असावा. मी फडकं आणून तो पुसला. कोरडा केला. हात लावून बघितला.

टीव्ही घेऊन निघताना मागे वळलो. तो ठसा पुन्हा ओला झाला होता.